मतदार नोंदणीविषयक वाद, स्थानिक निवडणुकांतील

मतदार नोंदणीविषयक वाद, स्थानिक निवडणुकांतील : ग्रामपंचायत, पंचायत समिती, जिल्हा परिषद, नगरपालिका, महानगरपालिका इ. स्थानिक स्वराज्य संस्थांच्या निवडणुकांसाठी जी मतदार यादी वापरली जाते, तीतील नावांचा समावेश, वगळणूक, दुबार नोंद, चुकीचा प्रभाग किंवा चुकीचा तपशील यांवरून उद्भवणारे कायदेशीर तंटे. मताचा अधिकार कायद्याने दिलेला असला, तरी तो प्रत्यक्षात बजावता येतो तो यादीतील नोंदीमुळे. यादीत नाव नसलेल्या पात्र नागरिकास मतदान केंद्रातून परतावे लागते. उलट, अपात्र व्यक्तीचे नाव यादीत राहून गेल्यास तिने दिलेले मत बहुधा मोजले जाते. म्हणून यादी अचूक असणे व ती ठराविक वेळी अंतिम होणे या दोन्ही गोष्टी आवश्यक ठरतात. परंतु त्या एकाच वेळी पूर्णपणे साधणे कठीण असते. या विषयावरील बहुतेक न्यायनिर्णय या दोन गरजांचा मेळ घालण्याच्या प्रयत्नातून निर्माण झाले आहेत.

स्थानिक निवडणुकांत या वादांना विशेष धार येते. लोकसभेच्या वा विधानसभेच्या मतदारसंघात काही नावे गळाली, तरी निकालावर सहसा परिणाम होत नाही. ग्रामपंचायतीच्या प्रभागात मात्र काही शेच मतदार असतात आणि जयपराजय पाचदहा मतांनी, प्रसंगी चिठ्ठी टाकून ठरतो. तेथे एका वाड्यातील किंवा एका वस्तीतील नावे शेजारच्या प्रभागात गेल्यास सत्तेचे पारडे फिरू शकते. शिवाय उमेदवारास स्वतःचे नाव त्या संस्थेच्या मतदार यादीत असावे लागत असल्याने, नाव वगळले जाणे म्हणजे मताबरोबर उमेदवारीचा हक्कही गमावणे होय.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : मतदारांची नोंदणी करून यादी आधी प्रसिद्ध करण्याची पद्धत इंग्लंडमध्ये एकोणिसाव्या शतकात रूढ झाली. तत्पूर्वी मतदाराची पात्रता मतदानाच्या जागीच तपासली जाई व निवडणूक अधिकाऱ्याचा शब्द प्रमाण मानला जाई. एल्झबरी येथील मॅथ्यू ॲशबी या मतदारास मत देऊ न दिल्याबद्दल त्याने अधिकाऱ्यांवर लावलेल्या दाव्यात (१७०३) सरन्यायाधीश होल्ट यांनी, जेथे अधिकार आहे तेथे त्याच्या भंगावर उपायही असलाच पाहिजे, असे प्रतिपादन केले. त्यांचे मत त्या न्यायालयात अल्पमतात होते. पण उमराव सभेने पुढे ते ग्राह्य मानले. संसदीय निवडणुकांसाठी १८३२ च्या सुधारणा कायद्याने नोंदणी सुरू झाली. नगरपालिकांसाठी १८३५ च्या म्युनिसिपल कॉर्पोरेशन्स ॲक्टने नागरी मतदारांच्या स्वतंत्र याद्या निर्माण केल्या. चालू व मागील दोन वर्षे गरीब-कर भरणारा आणि नगराच्या सात मैलांच्या आत राहणारा प्रौढ पुरुष त्यांत नोंदविला जाई. यादी प्रसिद्ध करणे, तिच्यावर दावे व हरकती मागविणे आणि महापौर व दोन सहायक यांच्यापुढे त्यांची सुनावणी करणे असा क्रम या कायद्याने घालून दिला. आजच्या पद्धतीचा सांगाडा हाच आहे.

करदात्या स्त्रियांना नगरपालिकेच्या निवडणुकीत मत देण्याचा अधिकार तेथे १८६९ मध्ये मिळाला. तथापि संडरलंड येथील निवडणुकीवरून उद्भवलेल्या खटल्यात (१८७२) क्वीन्स बेंच न्यायालयाने विवाहित स्त्रीस हा अधिकार नाही, असे ठरविले. विवाहानंतर स्त्रीचे स्वतंत्र कायदेशीर अस्तित्व पतीच्या अस्तित्वात विलीन होते, ही तत्कालीन कल्पना त्यामागे होती. यादीत नाव असूनही असे मत ग्राह्य धरले गेले नाही. यादी कितपत अंतिम, हा प्रश्न अशा रीतीने प्रारंभापासूनच वादाचा ठरला.

निवासाची अट हाही जुना वादविषय आहे. शिक्षणासाठी ब्रिस्टल व केंब्रिज येथे राहणाऱ्या विद्यार्थ्यांना नोंदणी नाकारली गेली असता अपील न्यायालयाने १९७० मध्ये, विद्यार्थी त्या नगराचेही निवासी ठरतात, असा निर्णय दिला. निवासाला काही प्रमाणात स्थायित्व असावे. परंतु ते कायमचे असण्याची गरज नाही, असे न्यायालयाचे मत पडले. त्यामुळे ब्रिटनमध्ये एका व्यक्तीची नोंद दोन ठिकाणी असू शकते व दोन वेगळ्या स्थानिक संस्थांच्या निवडणुकांत ती मतदानही करू शकते. संसदीय निवडणुकीत मात्र एकदाच मत देता येते. भारतीय कायद्याने याच्या उलट भूमिका स्वीकारली आहे. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत वंशभेदावर आधारलेल्या नोंदणीच्या अडथळ्यांमुळे १९६५ चा मतदान हक्क कायदा करावा लागला. टेनेसी राज्याची एक वर्षाच्या निवासाची अट तेथील सर्वोच्च न्यायालयाने १९७२ मध्ये रद्द केली. त्यापूर्वी १९६९ मध्ये, शाळा मंडळाच्या निवडणुकीत केवळ मालमत्ताधारक, भाडेकरू व पालक यांनाच मताधिकार देणारा न्यूयॉर्क राज्याचा नियमही त्याच न्यायालयाने घटनाबाह्य ठरविला होता.

भारतात ब्रिटिश अमदानीत स्थानिक मताधिकार कर, भाडे, मालमत्ता किंवा शिक्षण यांवर आधारलेला होता. मुंबई नगरपालिकेच्या १८७२ च्या कायद्याने ६४ सदस्यांपैकी निम्मे सदस्य करदात्यांनी निवडून द्यावयाचे ठरले. साहजिकच नोंदणीविषयक तंटे कराची पावती, थकबाकी व मालकी यांभोवती फिरत. मुंबई महानगरपालिकेची निवडणूक प्रौढ मताधिकाराने प्रथम १९४८ मध्ये झाली. संविधानाने प्रौढ मताधिकार स्वीकारल्यानंतर कर व मालमत्ता यांच्या जागी वय, नागरिकत्व व निवास हे निकष आले आणि वादांचे स्वरूप पालटले.

सांविधानिक व वैधानिक चौकट : संविधानाच्या ३२५ व्या अनुच्छेदानुसार संसद व राज्य विधिमंडळ यांच्या प्रत्येक प्रादेशिक मतदारसंघासाठी एकच सर्वसाधारण मतदार यादी असते आणि धर्म, वंश, जात वा लिंग यांच्या कारणावरून कोणासही तीतून वगळता येत नाही. ३२६ व्या अनुच्छेदाने प्रौढ मताधिकार दिला असून ६१ व्या घटनादुरुस्तीने (१९८८) मतदाराचे किमान वय २१ वरून १८ वर्षे केले. ७३ व ७४ या घटनादुरुस्त्या १९९३ मध्ये अंमलात आल्या. त्यांन्वये पंचायती (अनुच्छेद २४३-ट) व नगरपालिका (अनुच्छेद २४३-यक) यांच्या मतदार याद्या तयार करण्याचे व निवडणुका घेण्याचे अधीक्षण, निदेशन व नियंत्रण राज्य निवडणूक आयोगाकडे सोपविण्यात आले. महाराष्ट्रात हा आयोग १९९४ मध्ये स्थापन झाला.

नोंदणीचे मूलभूत नियम लोकप्रतिनिधित्व अधिनियम, १९५० या कायद्यात आहेत. अर्हता दिनांकास १८ वर्षे पूर्ण झालेली व मतदारसंघातील सामान्यतः रहिवासी असलेली व्यक्ती नोंदणीस पात्र असते (कलम १९). नागरिक नसलेली, सक्षम न्यायालयाने विकल मनाची म्हणून घोषित केलेली किंवा भ्रष्ट आचारासाठी अपात्र ठरविलेली व्यक्ती अपात्र असते (कलम १६). एका व्यक्तीचे नाव एकापेक्षा अधिक मतदारसंघांत (कलम १७) किंवा एकाच मतदारसंघात एकापेक्षा अधिक वेळा (कलम १८) नोंदविता येत नाही. पूर्वी १ जानेवारी हा एकच अर्हता दिनांक असे. २०२१ च्या दुरुस्तीने १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै व १ ऑक्टोबर असे चार दिनांक ठरविण्यात आले.

नोंदणी अधिकाऱ्यास एखादे नाव, ती व्यक्ती तेथे राहत नाही अथवा पात्र नाही या कारणाने वगळावयाचे झाल्यास तिला आपले म्हणणे मांडण्याची वाजवी संधी द्यावी लागते (कलम २२). त्याच्या निर्णयावर जिल्हा दंडाधिकाऱ्याकडे १५ दिवसांत व त्यानंतर मुख्य निवडणूक अधिकाऱ्याकडे ३० दिवसांत अपील करता येते. नामनिर्देशनपत्रे दाखल करण्याच्या अखेरच्या दिनांकानंतर निवडणूक पूर्ण होईपर्यंत यादीत भर घालता येत नाही किंवा नाव वगळता येत नाही (कलम २३). यादीत एखाद्याचे नाव असावे की नाही, हा प्रश्न ऐकण्याची दिवाणी न्यायालयांची अधिकारिता कलम ३० ने काढून घेतली आहे. नोंदणीसाठी जाणूनबुजून खोटे निवेदन करणे हा एक वर्षापर्यंतच्या कारावासाचा वा दंडाचा अपराध आहे (कलम ३१).

स्थानिक याद्यांच्या दोन पद्धती : स्थानिक संस्थांसाठी यादी कोणती वापरावी, हे राज्याचा कायदा ठरवितो. बहुतेक राज्ये विधानसभेची यादीच स्वीकारून तिचे प्रभागनिहाय विभाजन करतात. उत्तर प्रदेश, उत्तराखंड, केरळ यांसारख्या काही राज्यांत राज्य निवडणूक आयोग स्वतंत्र यादी तयार करतो. महाराष्ट्रात पहिली पद्धत आहे. मुंबई महानगरपालिका अधिनियम (१८८८), महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम (१९५८), महाराष्ट्र जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियम (१९६१) आणि महाराष्ट्र नगरपरिषदा, नगरपंचायती व औद्योगिक नगरी अधिनियम (१९६५) या कायद्यांनुसार, राज्य निवडणूक आयोगाने अधिसूचित केलेल्या दिनांकास अंमलात असलेली विधानसभेची यादी ही त्या संस्थेच्या यादीचा आधार असते.

या पद्धतीचा फायदा उघड आहे. एकच काम दोनदा करावे लागत नाही व खर्च वाचतो. परंतु तीतून एक अडचण उद्भवते. मूळ यादीत नाव घालण्याचा वा वगळण्याचा अधिकार भारत निवडणूक आयोगाच्या नियंत्रणाखालील नोंदणी अधिकाऱ्याकडे असतो. राज्य आयोगाच्या यंत्रणेस केवळ विभाजन करताना झालेल्या चुका, उदा., लेखनिकांच्या चुका, प्रभागाची चुकीची नोंद, मूळ यादीत असलेले नाव प्रभागाच्या यादीत न येणे इ. दुरुस्त करता येतात. प्रारूप प्रभाग यादी प्रसिद्ध झाल्यावर नागरिक हरकत घेऊन येतो, तेव्हा त्याचे नाव मूळ यादीतच नसल्यास त्याला दुसऱ्या यंत्रणेकडे जावे लागते. आणि तेथे नाव नोंदविले गेले, तरी अधिसूचित दिनांक उलटून गेल्यामुळे त्या निवडणुकीत त्याचा उपयोग होत नाही. अशा वेळी दोन्ही यंत्रणांनी नियमानुसार काम केलेले असूनही पात्र नागरिक मतास मुकतो.

वादांचे प्रकार : नोंदणीविषयक वादांचे स्थूलमानाने पुढील प्रकार आढळतात : (१) निवास, (२) दुबार नोंद, (३) सुनावणीशिवाय नाव वगळणे, (४) नागरिकत्व, (५) प्रभागाच्या सीमा व (६) अर्हता वा अधिसूचित दिनांक.

निवासाचा प्रश्न सर्वांत गुंतागुंतीचा आहे. कायद्यानुसार (कलम २०) केवळ घराची मालकी वा ताबा असल्याने कोणी सामान्यतः रहिवासी ठरत नाही आणि तात्पुरत्या गैरहजेरीमुळे कोणाचे निवासित्व संपतही नाही. ही दोन वाक्ये वाचण्यास सोपी असली, तरी त्यांचा मेळ घालणे अवघड असते. बीड व अहिल्यानगर या जिल्ह्यांतील ऊसतोड कामगार हंगामात कित्येक महिने साखर कारखान्यांच्या परिसरात असतात. त्यांची गैरहजेरी तात्पुरती असल्याने गावच्या यादीतील त्यांचे नाव कायम राहावयास हवे. याउलट मुंबईत नोकरी करणारा, तेथेच कुटुंब असणारा व गणपती-शिमग्याला कोकणातील घरी येणारा चाकरमानी गावचा मतदार ठरतो काय, याचे उत्तर गावातील घर त्याच्या नावावर आहे एवढ्यावरून देता येत नाही. त्याचे नेहमीचे वास्तव्य कोठे आहे, हे वस्तुस्थिती पाहून ठरवावे लागते. विवाहानंतर सासरी गेलेल्या स्त्रीचे नाव माहेरच्या यादीत राहून जाणे व सासरच्या यादीत न येणे हीदेखील नेहमीची तक्रार आहे. धरणग्रस्त वा प्रकल्पग्रस्त गावांच्या स्थलांतरानंतरही असेच प्रश्न उद्भवतात.

दुबार नोंदींमागे नेहमी लबाडी असतेच असे नाही. स्थलांतर केलेला मतदार नव्या ठिकाणी अर्ज करतो, परंतु जुनी नोंद रद्द होत नाही. नावाच्या लेखनातील फरकामुळे एकच व्यक्ती दोन ठरते, किंवा एकाच नावाच्या दोन भिन्न व्यक्ती एकच समजल्या जातात. या शेवटच्या शक्यतेमुळे केवळ नावाच्या साम्यावरून नोंद रद्द करणे धोक्याचे ठरते. महाराष्ट्रात २०२५ च्या स्थानिक निवडणुकांच्या वेळी १ जुलै २०२५ रोजीची विधानसभेची यादी आधारभूत धरण्यात आली. तीतील दुबार नावांवरून मोठा वाद झाला. राज्य निवडणूक आयोगाने ती नावे परस्पर न वगळता, संभाव्य दुबार मतदारांच्या नावांपुढे दोन ताऱ्यांची खूण करून मतदान कोठे करणार याचा विकल्प त्यांच्याकडून घेण्याचा मार्ग अवलंबिला. १ जुलैनंतर १८ वर्षे पूर्ण करणाऱ्या तरुणांना मात्र, ऑक्टोबरच्या अर्हता दिनांकास ते पात्र होत असूनही, या यादीत स्थान मिळू शकत नव्हते. अधिसूचित दिनांकाचा वाद तो हाच.

स्वतंत्र यादी असणाऱ्या राज्यांत दुबार नोंदीचे स्वरूप निराळे असते. उत्तराखंडच्या २०१६ च्या पंचायत राज कायद्यानुसार एका व्यक्तीचे नाव एकाहून अधिक पंचायत क्षेत्रांत, तसेच पंचायत व नगर या दोन्ही याद्यांत असू शकत नाही. असे असता, केवळ एकापेक्षा अधिक याद्यांत नाव आहे म्हणून उमेदवारी फेटाळू नये, असे स्पष्टीकरण तेथील राज्य आयोगाने २०२५ च्या पंचायत निवडणुकांत काढले. उच्च न्यायालयाने जुलै २०२५ मध्ये त्यास स्थगिती दिली. आयोगाची याचिका सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०२५ मध्ये दोन लाख रुपयांच्या खर्चासह फेटाळली. वैधानिक तरतुदीच्या विरुद्ध जाणारे स्पष्टीकरण आयोगास काढता येत नाही, हे त्यातून स्पष्ट झाले.

नागरिकत्वाच्या प्रश्नावर दिल्ली व मुंबई येथील मतदारांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये दिलेला निर्णय मार्गदर्शक मानला जातो. काही वस्त्यांतील मतदारांना परकीय असल्याच्या संशयावरून नोटिसा देऊन नागरिकत्वाचे पुरावे मागविण्यात आले होते. ज्यांची नावे पूर्वीच्या यादीत आहेत, त्यांच्या बाबतीत ती योग्य चौकशीनंतरच घेतली गेली असे गृहीत धरले पाहिजे. संशयाचा आधार त्या व्यक्तीस कळविला पाहिजे. विशिष्ट कागदपत्रांचाच आग्रह न धरता उपलब्ध सर्व पुरावा विचारात घेतला पाहिजे आणि निर्णय स्वतंत्र बुद्धीने दिला पाहिजे, असे न्यायालयाने सांगितले व ती कारवाई रद्द केली. बिहारमधील २०२५ च्या विशेष सखोल पुनरीक्षणाच्या वेळी प्रारूप यादीत न आलेल्या सु. ६५ लाख नावांची यादी कारणांसह प्रसिद्ध करण्याचा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला. त्यामागेही, कारण कळल्याशिवाय दाद मागता येत नाही, हेच तत्त्व होते.

महत्त्वाचे न्यायनिर्णय : स्थानिक निवडणुकांच्या संदर्भात मूलभूत मानला जाणारा निर्णय अजमेर नगरपालिकेच्या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्ये दिला. तेथील १९५५ च्या निवडणुकीसाठी संसदीय मतदारसंघाची यादी वापरण्यात आली. परंतु केलेल्या नियमांत दावे, हरकती व यादीचे पुनरीक्षण यांसाठी तरतूद नव्हती. योग्य मतदार यादी हे निवडणुकीचे सार आहे. यादी तपासण्याची, तीत नाव घालण्यासाठी दावा करण्याची व अपात्र नावास हरकत घेण्याची संधी संबंधितांना मिळालीच पाहिजे. ती न देता सदोष यादीवर घेतलेली निवडणूक आव्हानास पात्र ठरते, असे न्यायालयाने सांगितले. उसनी यादी वापरली, तरी दावे व हरकती यांची संधी टाळता येत नाही, हा या निर्णयाचा गाभा होय.

यादीच्या अंतिमतेचे तत्त्व दुसऱ्या निर्णयमालिकेतून आले. म्हैसूर राज्यातील एका ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत विजयी उमेदवाराचे नाव, अर्जाची नोटीस रीतसर प्रसिद्ध न करता यादीत घेतले गेले होते. सर्वोच्च न्यायालयाने १९६२ मध्ये असे ठरविले, की नाव घेण्याचा अधिकार नोंदणी अधिकाऱ्यास होता. त्याने कार्यपद्धतीत चूक केली असली, तरी त्यायोगे आदेश शून्यवत होत नाही. त्या आदेशाविरुद्ध अपील हाच उपाय होता. निवडणुकीला आव्हान देताना यादीची अंतिमता उकरून काढता येत नाही. याउलट बिहार विधान परिषदेच्या स्थानिक प्राधिकारी मतदारसंघातील निवडणुकीत नामनिर्देशनाची मुदत संपल्यानंतर यादीत नावे घालण्यात आली होती. तेथे अधिकाऱ्यास तसा अधिकारच उरला नव्हता. म्हणून त्या मतदारांची मते अवैध आहेत, असे न्यायालयाने १९६९ मध्ये ठरविले. अधिकार असून केलेली चूक व अधिकार नसताना केलेली कृती यांतील हा भेद आजही निर्णायक मानला जातो. गुजरातमधील राज्यसभा निवडणुकीच्या प्रकरणात (१९७३) त्याला पुढचा आकार मिळाला : नोंद झालेली व्यक्ती तेथील रहिवासी नव्हती, असा मुद्दा निवडणूक याचिकेत काढता येत नाही, नागरिकत्वाचा अभाव यांसारखी कलम १६ मधील अपात्रता मात्र काढता येते.

न्यायालयाने हस्तक्षेप केव्हा करावा, हा तिसरा प्रश्न आहे. पोन्नुस्वामी खटल्यात (१९५२) ‘निवडणूक’ या शब्दात अधिसूचनेपासून निकालापर्यंतची सारी प्रक्रिया येते व तिला मध्येच आव्हान देता येत नाही, असे ठरले. पंचायती व नगरपालिका यांच्या बाबतीत हेच तत्त्व अनुच्छेद २४३-ण व २४३-यछ यांत आहे. मात्र यादी तयार करणे हा निवडणुकीचा भाग आहे काय? पश्चिम बंगालमधील प्रकरणात (१९८५) सर्वोच्च न्यायालयाने, यादीची तयारी ही निवडणुकीहून वेगळी व आधीची प्रक्रिया आहे, असे मत दिले. त्याचबरोबर, काही दावे व हरकती प्रलंबित आहेत एवढ्यासाठी निवडणूक थांबविता येत नाही. पुनरीक्षण चालू असले तरी अंमलात असलेली यादी लागू राहते, हेही स्पष्ट केले. सहकारी संस्थांच्या निवडणुकांत मात्र महाराष्ट्रातील एका दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात (२००१), तेथील नियमांची रचना पाहता यादीची तयारी हा निवडणूक प्रक्रियेचाच मधला टप्पा आहे, असे त्याच न्यायालयाने ठरविले. म्हणजे या प्रश्नाचे उत्तर ज्या त्या कायद्याच्या रचनेवर अवलंबून असते.

उत्तर प्रदेशातील नगरपालिका निवडणुका सदोष याद्या, प्रभागरचना इ. कारणांवरून मतदान तोंडावर आले असता उच्च न्यायालयाने थांबविल्या होत्या. हा हस्तक्षेप सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये अयोग्य ठरविला. अहमदाबाद महानगरपालिकेची मुदत १५ ऑक्टोबर २००५ रोजी संपत असता प्रभागरचना व याद्यांचे काम अपुरे असल्याचे कारण पुढे आले. त्यावर २००६ च्या निर्णयात न्यायालयाने सांगितले, की पाच वर्षांची मुदत संविधानाने ठरविली असून याद्यांची तयारी त्या मुदतीच्या आत उरकणे हे राज्य आयोगाचे कर्तव्य आहे. त्यासाठी राज्य शासनाने साहाय्य न केल्यास आयोगाने उच्च न्यायालयाकडे दाद मागावी. सदोष यादी हे निवडणूक लांबविण्याचे निमित्त होऊ नये, असा या निर्णयाचा आशय आहे.

दाद मागण्याचे मार्ग : नोंदणीविषयक तक्रारीचे मार्ग काळानुसार बदलतात. निवडणूक जाहीर होण्यापूर्वी मूळ यादीसाठी नोंदणी अधिकाऱ्याकडे अर्ज (नाव घालण्यासाठी नमुना ६, समावेशास हरकत वा वगळणुकीसाठी नमुना ७, दुरुस्ती वा स्थलांतरासाठी नमुना ८) व त्यावरील अपिले हा मार्ग असतो. प्रारूप प्रभाग यादी प्रसिद्ध झाल्यावर ठरलेल्या मुदतीत हरकत घ्यावी लागते. अधिकारबाह्य कृती झाली असल्यास अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयाकडे रिट अर्ज करता येतो. परंतु कार्यक्रम जाहीर झाल्यानंतर न्यायालय सहसा हात घालीत नाही. निकालानंतर केवळ निवडणूक अर्जाचा मार्ग उरतो. महाराष्ट्रात ग्रामपंचायतीच्या बाबतीत तो निकालापासून १५ दिवसांत दिवाणी न्यायाधीशाकडे, तर मुंबई महानगरपालिकेच्या बाबतीत लघुवाद न्यायालयाच्या मुख्य न्यायाधीशाकडे करावयाचा असतो. या अर्जात यशस्वी होण्यासाठी केवळ यादीतील चूक दाखवून भागत नाही. त्या चुकीचा निकालावर परिणाम झाला, हेही बहुधा सिद्ध करावे लागते. ज्याचे नाव वगळले गेले त्या मतदाराला त्याचे गेलेले मत या मार्गाने परत मिळत नाहीच.

मतदान केंद्रावर उपलब्ध असलेले उपाय मर्यादित आहेत. आपल्या नावावर दुसऱ्याने आधीच मत दिल्याचे आढळल्यास खऱ्या मतदाराला प्रदत्त मत देता येते; उपस्थित व्यक्तीच्या ओळखीबद्दल शंका असल्यास उमेदवाराच्या प्रतिनिधीस आक्षेप घेता येतो. यादीत नावच नसलेल्या नागरिकासाठी मात्र मतदानाच्या दिवशी कोणताही उपाय नाही. हातात छायाचित्र ओळखपत्र असणे ही नोंदणी नव्हे. ते केवळ ओळखीचे साधन आहे, ही गोष्ट अनेकांना त्या दिवशीच कळते.

सुधारणांचे प्रयत्न : लोकसभा, विधानसभा व स्थानिक संस्था या सर्वांसाठी एकच यादी असावी, अशी शिफारस विधी आयोगाने २५५ व्या अहवालात (२०१५) केली. एकत्रित निवडणुकांचा विचार करणाऱ्या, माजी राष्ट्रपती रामनाथ कोविंद यांच्या अध्यक्षतेखालील उच्चस्तरीय समितीनेही मार्च २०२४ मधील अहवालात एकच यादी व एकच ओळखपत्र यांचा पुरस्कार केला आणि त्यासाठी अनुच्छेद ३२५ मध्ये दुरुस्ती सुचविली. अशा यादीमुळे खर्च व विसंगती कमी होतील. तथापि यादीत झालेली चूकही मग सर्व स्तरांवरील निवडणुकांत एकाच वेळी भोवेल. त्यामुळे एकीकरणाइतकेच महत्त्व प्रभागाची नोंद मूळ यादीतच करण्यास, अधिसूचित दिनांक निवडणुकीच्या शक्य तितका जवळ ठेवण्यास आणि वगळलेल्या नावांची कारणांसह यादी ग्रामपंचायतीच्या वा प्रभाग कार्यालयाच्या फलकावर लावण्यास आहे.

न्यायालयीन निर्णयांचा एकंदर कल पाहता, नोंदणीच्या चुकीवर खरा उपाय यादी अंतिम होण्यापूर्वीच असतो, असे दिसते. अंतिम झाल्यानंतर कायदा यादीचे रक्षण करतो, कारण तसे न केल्यास कोणतीच निवडणूक शेवटास जाणार नाही. या अंतिमतेचा भार मात्र बहुधा ज्यांना दावे व हरकतींची मुदत कळत नाही, अशा स्थलांतरित, निरक्षर व भूमिहीन मतदारांवर पडतो. अजमेर प्रकरणात सांगितलेली तपासणीची संधी ही म्हणूनच केवळ प्रक्रियेची बाब राहत नाही. ती कोणत्या भाषेत, कोठे व किती दिवस दिली जाते, यावर स्थानिक लोकशाहीत कोणाचा आवाज मोजला जाणार, हे ठरत असते.